दोन वर्षांत फाइल बंद?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

परदेशात दत्तक गेलेल्या मुलाची ख्यालीखुशाली आपण किती काळ विचारतो? नियमाने दोन वर्षं. मूल तिकडे पोहोचल्यावर पहिल्या वर्षी दर तिमाहीला एक अहवाल, दुसऱ्या वर्षी सहा महिन्यांनी एक. मग फाइल बंद.

पूर्वी हे असं नव्हतं. 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्या. भगवती यांनी लक्ष्मीकांत पांडे खटल्यात परदेशी दत्तकाचे नियम घालून दिले. (पांडे या वकिलांनी न्यायालयाला लिहिलेल्या एका पत्रातूनच तो खटला उभा राहिला होता.) पहिली दोन वर्षं तिमाही आणि पुढची तीन वर्षं सहामाही अहवाल, सोबत मुलाचा ताजा फोटो, असं त्यात होतं. तेव्हा परदेशी जोडप्याला आपल्या कायद्याने दत्तक घेता येत नसे. 1890 च्या पालक व पाल्य कायद्याखाली कोर्ट त्यांना फक्त पालक नेमायचं आणि दत्तकविधान तिकडे जाऊन व्हायचं. मूल अर्धवट स्थितीत जात असल्याने पाठपुरावा लांब ठेवलेला होता. आता बाल न्याय कायद्याखाली दत्तकाचा आदेश इथेच होतो, विमानात बसतानाच ते त्यांचं मूल असतं. मग चिंता कशाला, असा हिशोब असावा.

मी एका शिशुगृहात बरीच वर्षं काम केलं. असे अहवाल खूप वाचले. प्रत्येक फोटोत नवा स्वेटर आणि हसरा चेहरा. खोटे नव्हते ते, पण पहिल्या वर्षाचे होते. तान्हं मूल गेलं तर गोष्ट वेगळी. आज परदेशात जाणाऱ्यांत मोठी मुलं आणि विशेष गरजा असलेली मुलं जास्त असतात, कारण आपल्याकडच्या जोडप्यांना तान्हं, निरोगी बाळ हवं असतं. सात वर्षांची मुलगी मराठी विसरून नव्या भाषेत शाळेत रुळते, तोवरच दोन वर्षं सरतात. ‘मला का दिलं?’ हा प्रश्न त्यानंतर येतो, आणि घरातले खटकेही.

अहवाल वाढवले की मूल सुरक्षित, इतकं ते सोपं नाही हेही कबूल. बिहारमधून 2016 मध्ये दत्तक गेलेल्या तीन वर्षांच्या मुलीचा टेक्ससमध्ये ऑक्टोबर 2017 मध्ये मृत्यू झाला. दत्तक वडिलांना पुढे जन्मठेप झाली. तेव्हा पाठपुराव्याची दोन वर्षं अजून सरलेलीही नव्हती. म्हणून अहवाल लिहिणारी व्यक्ती मुलाशी एकांतात बोलली का, कोणत्या भाषेत बोलली, हे त्यात लिहिणं बंधनकारक हवं. दत्तकाच्या वेळी मुलाच्या वयाप्रमाणे त्याच्या इच्छेचा विचार करा, असं कायदाच सांगतो. मग दोन वर्षांनी तीच इच्छा कोणी का विचारू नये?

सप्टेंबर 2022 पासून दत्तकाचे आदेश कोर्टाऐवजी जिल्हाधिकारी देतात. निवडणूक, पूर, भूसंपादन यांतून वेळ काढून त्यांनी ही फाइल किती वाचावी, हा वेगळ्याच पत्राचा विषय.

माझं मागणं लहान आहे. पाच वर्षांवरच्या आणि विशेष गरजा असलेल्या मुलांसाठी 1984 ची पाच वर्षांची मुदत परत आणा. त्यासाठी कायदा बदलायला नको, ‘कारा’च्या (दत्तकाचं काम पाहणाऱ्या केंद्रीय प्राधिकरणाच्या) नियमावलीतली एक ओळ बदलली तरी पुरे.

एक निवृत्त समाजकार्यकर्ती, पुणे