फर्नांडा मॉन्टेनेग्रो म्हणजे फक्त ऑस्कर नाही

संपादक साहेब, नमस्कार,

ब्राझीलच्या अभिनेत्री फर्नांडा मॉन्टेनेग्रोबद्दल आपल्याकडे लिहितात तेव्हा गाडी 'सेंट्रल स्टेशन' या सिनेमावरच अडकते बघा. १९९८ ला बर्लिन फिल्म फेस्टिव्हलमध्ये बेस्ट अ‍ॅक्ट्रेस, मग ऑस्कर नॉमिनेशन, संपलं. अहो पण तेव्हा बाई सत्तरीला टेकलेल्या होत्या, त्याआधीचं काय?

१९२९ चा जन्म, रिओचा, खरं नाव आर्लेट, शाळकरी वयात रेडिओवर काम, १९५० मध्ये स्टेजवर आणि लगेच टीव्हीवर पण. तेव्हा ब्राझीलमध्ये टीव्ही नुकताच आलेला आणि नाटकं लाईव्ह व्हायची, म्हणजे चुकलं की सगळ्यांसमोर चुकलं, रिटेक नाहीच, आणि असं एकदोन नाही तर ढीगभर नाटकं केली त्यांनी, ही तालीम कुठल्या अ‍ॅक्टिंग स्कूलात मिळणार सांगा. १९५९ मध्ये नवरा फर्नांडो टोरेस आणि मित्रांबरोबर 'तेआत्रो दोस सेत्ते' ही स्वतःची नाटक कंपनीच काढली.

आणि एवढी मोठी नाटकवाली म्हणून मालिकांना नाक मुरडलं नाही हे मला जास्त आवडतं. १९८३ च्या 'गेर्रा दोस सेक्सोस'मध्ये पाउलो ऑत्रानबरोबर नाश्त्याच्या टेबलावर एकमेकांवर खाणं फेकायचा सीन आहे, दोघं रंगभूमीचे दिग्गज आणि अंगभर खरकटं! तो सीन तिकडे अजून आठवतात लोक.

२०१३ ला इंटरनॅशनल एमी हे टीव्हीचं अवॉर्ड मिळालं तेव्हा वय ८४. २०२५ मध्ये मुलगी फर्नांडा टोरेसला पण ऑस्कर नॉमिनेशन आलं तर बऱ्याच ठिकाणी आईची ओळख एका ओळीत उरकली. रविवार पुरवणीत एक पान द्या की त्यांच्या नाटकांवर.

आपला एक नाटकवेडा वाचक