जामीनदाराची सही घेतानाच त्याचे हक्क त्याला सांगा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आमच्या बीड जिल्ह्यात दसरा झाला की माणसं ऊसतोडीला सांगली-कोल्हापूरकडं निघतात आणि त्यात ज्यांच्यावर एखादी भांडणाची, मारामारीची केस चालू आहे तेही जातात, कारण मुकादमाची उचल (आगाऊ घेतलेले पैसे) अंगावर असते, तारखेसाठी गावाकडं यायचं म्हणजे खाडा पडतो आणि खाड्याचे पैसे कापले जातात. मग तारखा चुकतात, कोर्ट वॉरंट काढतं, कागदावर तो माणूस फरार होतो, आणि इकडं जामीनदाराच्या दारात नोटीस येते.

माझ्या चुलत्यांना अशीच नोटीस आली. शेजारच्या पोराला जामीन राहिलेले, पंधरा हजारांचा बाँड (हमीपत्र), सातबारा आणि आधार जोडलेलं. गावात जो तो सांगायला लागला की पोरगं सापडलं नाही तर आता तुम्हालाच आत टाकणार, जमीन पण जाणार. कित्येक दिवस माणूस नीट जेवला नाही. चुलती तर म्हणाली दागिने मोडा पण हे मिटवा.

नोटीस मी स्वतः वाचली. त्यात सरळ लिहिलं होतं की रक्कम भरा किंवा का भरू नये याचं कारण दाखवा. भीतीपोटी सगळ्यांनी फक्त पहिला अर्धा भाग वाचला होता! हे कारण दाखवायची संधी म्हणजे कोर्टाची मेहरबानी नाही, कायदाच तसा आहे, पूर्वी सीआरपीसीचं (जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता) कलम 446 होतं, 1 जुलै 2024 पासून बीएनएसएसचं (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) 491. जामीनदाराला म्हणणं मांडायची संधी दिल्याशिवाय दंड करता येत नाही हे सुप्रीम कोर्टानं गुलाम मेहदी केसमध्ये 1960 सालीच सांगितलंय. जबाबदारी बाँडच्या रकमेपुरतीच असते, आरोपीच्या गुन्ह्याची शिक्षा जामीनदाराला होत नाही. हां, नोटिशीकडं दुर्लक्ष केलं तर मात्र अवघड आहे, दंडासारखी वसुली होते, कलेक्टरमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी पण होऊ शकते, आणि कशातूनच वसूल झाली नाही तर सहा महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. म्हणून घरी बसून राहू नये.

आम्ही मुकादमाला फोन लावून लावून पोराला बोलावून घेतलं, तो कोर्टात हजर झाला, वॉरंट रद्द झालं, चुलत्यांनी अर्ज दिला की मी स्वतः शोधून आणलाय, तर कोर्टानं थोडी रक्कम भरायला लावून बाकीची माफ केली. अशी पूर्ण रक्कम न घेता काही भाग माफ करायचा अधिकार त्याच कलमात आहे, फक्त कोर्टाला कारण लिहावं लागतं. निकाल पटला नाही तर अपील करता येतं, मॅजिस्ट्रेटच्या ऑर्डरवर सेशन्स कोर्टात.

आणि सगळ्यात कामाची गोष्ट, जी मला गावात एकालाही माहीत असलेली दिसली नाही: जामीन राहिल्यावर आयुष्यभर अडकलो असं नसतं. पोरगं ऐकत नाही, गाव सोडून चाललंय असं दिसलं की जामीनदार कधीही मॅजिस्ट्रेटकडं अर्ज करू शकतो की मला यातून मोकळं करा (जुनं कलम 444, आता 489). मग कोर्ट आरोपीला वॉरंट काढून आणतं, तो आला की तुमचा बाँड संपतो आणि त्याला दुसरा जामीनदार द्यावा लागतो. हे चुलत्यांना आधी माहीत असतं तर त्यांनी दसऱ्यालाच अर्ज टाकला असता.

माझी मागणी एवढीच आहे की बाँडवर सही घेताना जामीनदाराला मराठीत एक छापील कागद द्या, त्यात मोकळं व्हायचा अर्ज, कारण दाखवायची संधी, रक्कम माफी आणि अपील एवढं लिहा. आणि आरोपीची पहिली तारीख चुकली की त्याच दिवशी जामीनदाराच्या मोबाईलवर मेसेज पाठवा, नंबर तर बाँडसोबत घेता येतोच. केसच्या तारखांचे मेसेज आता वकिलांना येतात, मग ज्याचा सातबारा गुंतलाय त्याला का नको? पहिल्याच तारखेला कळलं तर शोधाशोध तरी करता येते, नोटीस येईपर्यंत महिने गेलेले असतात.

तोवर ज्यांच्या घरी अशी नोटीस आली असेल त्यांनी ती घेऊन तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीकडं जावं, वकिलाची फी परवडत नसेल तर मोफत वकील मिळू शकतो, आणि नोटिशीवर दिलेल्या तारखेला काही झालं तरी हजर राहावं.

आपला,
एक वाचक, जि. बीड