नऊ बाय सहाच्या चौकोनाबद्दल आभार

आदरणीय ताई,

दुसऱ्या महायुद्धात जपानी रेडिओवर बोलणाऱ्या अमेरिकी निवेदिका इवा तोगुरी यांच्या तुरुंगवासावरचं आमचं प्रदर्शन तुमच्यामुळे उभं राहिलं. हे चारचौघांत सांगायला हवं, म्हणून हे उघड पत्र.

तुमच्याआधी ज्या जाणकारांकडे गेलो, त्यांनी ‘टोकियो रोझ म्हणजे जपानची हेर’ एवढ्यावर बोळवण केली. ‘टोकियो रोझ’ हे नाव जपानी रेडिओवरच्या निवेदिकांना अमेरिकी सैनिकांनी पाडलेलं. इवा रेडिओवर ‘ऑर्फन अ‍ॅन’ म्हणून बोलायच्या. १९४९ साली देशद्रोहाच्या आठ आरोपांपैकी एकच सिद्ध धरला गेला आणि १९७६ मध्ये दोन प्रमुख साक्षीदारांनी खोटं बोलल्याचं कबूल केलं. हे पडताळायची तसदी त्या मंडळींनी घेतली नाही, याचा राग अजून आहे.

नाशिकरोड कारागृहात नोकरी केलेल्या तुम्ही मात्र फलक वाचलेत आणि खडू मागितलात. दुखरे गुडघे टेकून, टेपनं मोजून, नऊ बाय सहा फुटांचा चौकोन आखलात. टोकियोतल्या सुगामो तुरुंगातली इवांची कोठडी तेवढीच होती. माप भिंतीच्या आतल्या कडेपासून धरायचं, नाहीतर खोली फुगते, हे बजावलंत. अडीच फुटांची सतरंजी लांबीत अंथरल्यावर फिरायला साडेतीन फुटांची पट्टी उरली. चौथ्या पावलाला भिंत. मग एकेकाला आत बसवलंत, आणि तिथं कुणाला हसू दिलं नाहीत. ताई, तुमचा तो धाक आम्हाला फार मोलाचा वाटला.

ऑक्टोबर १९४५ ते ऑक्टोबर १९४६, आरोपपत्राविना, इवा अशा जागेत होत्या. शिक्षा दहा वर्षांची, अमेरिकेतल्या ऑल्डरसनच्या महिला तुरुंगात भोगली सहा वर्षं दोन महिने, उरलेली चांगल्या वर्तणुकीची सूट. हिशोब शिक्षेपासून धरला की सुगामोचं वर्ष गळतं. बहुतेक लेखांत तसंच होतं. ऑल्डरसनला तटबंदी नव्हती, राहायला कॉटेज होती, म्हणून लोकांना ते सौम्य वाटतं. पण नवऱ्याला अमेरिकेची दारं बंद होती. भेटीला आपलं माणूस येणार नसेल तर बाईला उघडी जागाही खायला उठते, हे तुम्ही सांगितलंत. इतकी वर्षं कुलपं लावूनही कैद्याला माणूस समजणारी तुमच्यासारखी माणसं त्या खात्यात असतात, आणि त्यांचा कुठं सत्कार होत नाही.

राष्ट्राध्यक्ष फोर्ड यांची १९७७ची माफी शेवटच्या फलकावर आहे. लोक जास्त वेळ थांबतात ते चौकोनापाशी. खडू पायांनी पुसला जात होता, म्हणून त्यावर आता पांढरी चिकटपट्टी लावली आहे. मापं तुमचीच.

आपले कृतज्ञ,
वाचक मंडळ, नाशिक