डब्याची गोष्ट बंद करू नका

संपादक साहेब, सप्रेम नमस्कार.

रविवारच्या मुलांच्या पुरवणीत ती जी क्रमशः गोष्ट चालू आहे, पितळी डब्याची, त्याबद्दल लिहितेय. मागच्या आठवड्यात एका वाचकांचं पत्र आलं होतं की हा डबा म्हणजे जादूटोणा आहे, मुलांच्या डोक्यात अंधश्रद्धा भरतेय, गोष्ट ताबडतोब बंद करा. मी गणित शिकवते, सहावी ते आठवी, आणि माझी कळकळीची विनंती आहे की बंद करू नका.

ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी सांगते, त्या मुलीला आजोबांच्या ट्रंकेत एक डबा सापडतो, त्याची चकती एक घर फिरवली की आत ठेवलेल्या बटर पेपरवर वेगळ्याच मितीतल्या जागेचा एक काप उमटतो, फक्त एक काप, अख्खी जागा नाही. मग दुसरा कागद, पुन्हा एक घर, पुढचा काप. असे कागद एकावर एक रचत गेलं की हळूहळू जागा कळते. आणि आपल्या जगातलं एक अंतर आधी स्वतः नीट मोजून डब्याला दिल्याशिवाय तो चालतच नाही. आता यात भोंदूगिरी कुठे आहे सांगा. कोणी पैसे मागत नाही, कोणाला भीती घालत नाही, दैवी शक्तीचा दावा नाही. जादूटोणाविरोधी कायदा आपल्याकडे २०१३ मध्ये झाला, तो हवाच होता आणि मी त्याच्या पूर्ण बाजूने आहे, पण तो फसवणूक आणि अघोरी प्रकारांसाठी आहे हो, पोरांच्या गोष्टीतल्या डब्यासाठी नाही.

उलट मला तर ती गोष्ट वाचताना सारखं आमचं गाव आठवत होतं. मी हिंगणघाटची. विल्यम लॅम्बटन, ज्यांनी १८०२ साली मद्रासला जमिनीवर एक रेघ अगदी काटेकोर मोजली आणि त्या एका रेघेवर त्रिकोणामागून त्रिकोण चढवत भारताची मोजणी सुरू केली, ते १८२३ मध्ये काम चालू असताना इथे हिंगणघाटलाच वारले. पुढे ते काम जॉर्ज एव्हरेस्टनी नेलं. म्हणजे आधी एक अंतर हाताने मोजा, बाकीचं कोन मोजून हिशोबाने काढा. डब्याचा नियमही तोच आहे ना?

आणि कापांचं म्हणाल तर तेही खरं आहे. या एव्हरेस्टची पुतणी मेरी, तिचं लग्न जॉर्ज बूल यांच्याशी झालं, ज्यांच्या बीजगणितावर आजचे कॉम्प्युटर चालतात. त्यांची मुलगी ॲलिशिया, चार वर्षांची असताना वडील गेले, कॉलेज काही नशिबात आलं नाही. तिचे मेहुणे चार्ल्स हिंटन यांनी चौथी मिती, म्हणजे लांबी, रुंदी, उंचीच्या पलीकडची आणखी एक दिशा, डोळ्यापुढे आणायला रंगीत लाकडी ठोकळे बनवले होते, १८८८ च्या पुस्तकात चार मितींच्या घनाला टेसरॅक्ट हे नावही त्यांनीच दिलं. ॲलिशिया ते ठोकळे हाताळत हाताळत इतकी पुढे गेली की चार मितींच्या आकृत्या आपल्या जगातून जाताना त्यांचे काप कसे दिसतील ते तिने स्वतः शोधून काढलं आणि पुठ्ठ्याची मॉडेल्स करून ठेवली. चौथ्या मितीचा नकाशाच म्हणा, पुठ्ठ्याचा. १९१४ मध्ये नेदरलँड्सच्या ग्रोनिंगन विद्यापीठाने तिला मानद डॉक्टरेट दिली. आणि चौथी मिती तर तिनेही कधी पाहिली नव्हती!

हे मी वर्गात करून बघितलं. बटाट्याचा चौकोनी ठोकळा कापला, टूथपिक एका कोपऱ्यातून थेट समोरच्या कोपऱ्यापर्यंत आरपार घातली, आणि मग टूथपिकला बरोबर आडवा असा मधोमध कापायचा. कापायच्या आधी विचारलं की आत काय आकार दिसेल, सगळे म्हणाले चौकोन, एकदोघं त्रिकोण म्हणाले. कापला, एका मुलीने तो ओला अर्धा भाग वहीवर दाबला, भोवती पेन्सिल फिरवली आणि मोजत बसली, एक दोन तीन चार पाच सहा. षटकोन! सहाही बाजू सारख्या. कोपऱ्याजवळ कापला की त्रिकोण येतो, मध्यभागी षटकोन, पलीकडे पुन्हा त्रिकोण. समजा कागदाइतक्या चपट्या जगात कोणी राहत असेल आणि तो ठोकळा कोपऱ्याच्या बाजूने त्याच्या जगातून गेला तर त्याला एवढंच दिसणार, आणि यावरून त्याने ठोकळा ओळखायचा. मग मी सांगितलं की टेसरॅक्ट असाच कोपऱ्याकडून आपल्या खोलीतून गेला तर आधी हवेत एक ठिपका दिसेल, मग चार त्रिकोणी बाजूंचा पिरॅमिड मोठा होत जाईल, त्याची टोकं छाटली जातील आणि बरोबर मध्ये आठ त्रिकोणांची आकृती येईल, पुढे सगळं उलट्या क्रमाने होऊन गायब. वर्ग एकदम चिडीचूप, आणि मागच्या बाकावरून आवाज आला, मॅडम हा तर तो डबाच झाला.

त्या पोराने पाठ्यपुस्तकात काप नावाची गोष्ट पाहिलेली नाही, त्याला ती तुमच्या पुरवणीने दिली. म्हणून म्हणते गोष्ट चालू ठेवा, आणि शक्य असेल तर गोष्टीखाली जी जाहिरातीपुरती जागा असते तिथे दर रविवारी एक कापायची-चिकटवायची आकृती द्या. साधा घन उलगडला की सहा चौरस होतात तसा टेसरॅक्ट उलगडला की आठ घन होतात, ते आठ घन आठ रविवारी छापता येतील, पोरं जाड कागदावर चिकटवून बनवतील. आकृत्या काढून द्यायला मी तयार आहे, मानधन नको. फक्त घडीच्या रेषा तुटक आणि कापायच्या रेषा सलग छापा, नाहीतर पोरं घडीवरच कात्री चालवतात.

आपली नम्र,
एक गणित शिक्षिका, हिंगणघाट