भगवानदादांचं फक्त रडगाणं नको

संपादक महोदय,

जुन्या हिंदी सिनेमातले नट-दिग्दर्शक भगवानदादा, त्यांच्यावर कुठंही लेख आला की जुहूचा बंगला, सात गाड्या, सगळं विकलं आणि शेवटी दादरची चाळ, बास एवढंच, वाचून जीव तुटतो ओ. गिरणी कामगाराचं हे पोरगं, स्वतः मजुरी केलेलं, आधी स्वस्तातले मारधाडीचे सिनेमे काढत वर आलं आणि १९५१ ला 'अलबेला' काढला, सी. रामचंद्रांचं संगीत, सोबत गीता बाली, आणि हिरो कोण तर हे बुटके, जाडसर दादा स्वतः! हिंमत लागते त्याला. नंतर 'झमेला', 'लाबेला' काढले पण तसं यश परत काय मिळालं नाही, मग छोटे छोटे रोल करत राहिले, २००२ ला गेले.

आपलं सोलापूर पण गिरण्यांचं गाव, इथं गणपतीच्या मिरवणुकीत आजपण म्हातारी माणसं खांदे हलवत, एक हात वर करून जागच्या जागी दादांचाच डान्स करतात. त्या नाचावर, त्या मारधाडीच्या सिनेमांवर रविवारच्या पुरवणीत एक मोठा लेख छापा, एवढी विनंती.

– एक वाचक, सोलापूर