साऊंडवाल्या काकांना, त्या काळ्या केबलसाठी

काका, नमस्कार. फोन केला असता, पण तुम्ही "बरं बरं, जेवला का" म्हणून विषयच संपवता, म्हणून इथं लिहून राहिलो. नात वाचून दाखवेल तुम्हाला.

पहिल्यांदा गडचिरोलीतल्या वडश्याकडं आलो ते शंकरपटाच्या, म्हणजे बैलांच्या शर्यतीच्या, रात्रीचं नाटक शूट करायला. कॅमेरा भाड्याचा, बॅटरी एकच, आणि कॅमेऱ्याच्या माईकवर नुसता जनरेटर. एका चॅनेलवाल्यानं आधीच सांगितलेलं की झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भातल्या या नाटकवाल्या पट्ट्यात, स्टोरी काय आहे, नाचगाणं आहे, दोन मिनिटं आण. खोटं कशाला बोलू, मीही तेवढंच न्यायला आलो होतो.

रात्री दीडेक वाजता तुम्ही म्हणालात, "काहून रे बाबू, तोंड पाडून काहून बसला?" मी म्हटलं, आवाजच येत नाही. तुम्ही मिक्सरमागून एक काळी केबल ओढली, दोन जागी टेप गुंडाळलेली, माझ्या रेकॉर्डरला लावली आणि प्रॉम्प्टरजवळच्या, म्हणजे खाली बसून नटांना वाक्यं पुरवणाऱ्याजवळच्या, माईकचा आवाज तेवढा वेगळा काढून दिला. "हे ऐक. सारं नाटक इथूनच चालते बापा."

वहीचं पान उलटल्याचा आवाज, दाबलेला खोकला, आणि हिरोईनच्या आधी तिचं वाक्य. वर ती रडायच्या आधी खाली त्या प्रॉम्प्टरचा गळा भरून आला होता. पब्लिकला ते कधी कळलंच नसेल. ती ऑडिओ मी नंतर किती वेळा ऐकली असेल, सांगता येणार नाही.

तिथून माझी फिल्मची गाडी जी वळली ती वळलीच. आधी प्रॉम्प्टरवर फिल्म झाली, मग पडदे रंगवणाऱ्यांवर, मग दंडारीत, म्हणजे इथल्या लोकनाट्यात, म्हातारपणीही लुगडं नेसून नाचणाऱ्या एका आजोबांवर. पैसे फारसे मिळाले नाहीत, ते राहू द्या. 2023 मध्ये झाडीपट्टीचे नट परशुराम खुणेंना पद्मश्री मिळाली तेव्हा मात्र पुण्या-मुंबईच्या मित्रांचे धडाधड फोन आले, झाडीपट्टी म्हणजे नेमकं काय रे? मी त्यांना आधी तुमची ती ऑडिओ पाठवली, फोटो नंतर.

तुम्ही त्या रात्री पैसे घेतले नाहीत, वरून पहाटे चहा पाजून बसस्टँडवर सोडलं. आणि थँक्यू म्हणायचं राहून गेलं ते गेलंच. तर काका, थँक्यू.

केबल माझ्याकडंच आहे. भाऊबीज झाली की सीझनला येतो, तेव्हा आणतो. टेप तिसऱ्या जागीपण लावावा लागला, रागावू नका.