गर्भपिशवीच्या ऑपरेशनबद्दल, आईला आणि बाबांना

ती. आई-बाबा,
सा. न. वि. वि.

काल फोनवर बाबा म्हणाले, "पिशवी काढायचं ठरलंय, पुढच्या महिन्यातली तारीख मिळालीय." आईला फोन द्या म्हटलं, तर आई, तू म्हणालीस, "काढून टाकू दे गं, एकदाची कटकट जाईल." मग माझ्या झोपेची चौकशी केलीस आणि फोन ठेवलास. ते 'ठरलंय' रात्रभर माझ्या डोक्यातून गेलं नाही. नक्की कोणी ठरवलं? फोनवर मला धड बोलता येत नाही, म्हणून लिहायला बसले.

आई, मागच्या वेळी मी आले होते तेव्हा खुर्चीत बसायच्या आधी तू गडद निळा टॉवेल चार घड्या करून अंथरलास. उठताना मागे वळून पाहिलंस आणि तो तसाच गुंडाळून आत नेलास. जिना चढताना मध्येच भिंतीला हात टेकून थांबलीस. विचारलं तर म्हणालीस, "गुडघे." ते गुडघे नव्हते गं. आठवड्याने रिपोर्ट आला, हिमोग्लोबिन फक्त 8.2. दर दोन तासांनी पॅड बदलायचं, रक्ताच्या गाठी पडायच्या, आठ-नऊ दिवस अंगावरून जायचं, आणि हे सगळं तू किती महिने गप्प राहून काढलंस कोण जाणे. तुझा हा त्रास थांबलाच पाहिजे, त्यात दुमत नाही. तो कशाने थांबवायचा, हे मात्र तुला सगळं कळल्यावर तू सांगायचंस.

बाबांनी पाठवलेले रिपोर्ट मी दुसऱ्या एका स्त्रीरोगतज्ज्ञ बाईंना दाखवले. सोनोग्राफी वाचून त्यांनी पहिलंच विचारलं, "अस्तराची बायोप्सी कुठे आहे?" मी फाइल दोनदा उलटली, ती केलेलीच नाही. पंचेचाळिशीनंतर रक्तस्राव असा वाढला, तर गर्भाशयाच्या आतल्या अस्तराचा छोटासा तुकडा तपासायला पाठवायचा असतो. बहुतेकदा भूल न देता, बारीक नळीने, काही मिनिटांत होतं. पाळीत येते तशी कळ येते, हे आधीच सांगून ठेवते. त्यात कॅन्सरकडे झुकलेल्या पेशी निघाल्या, तर पिशवी काढणं हाच योग्य सल्ला आणि मग मीच तुम्हाला लवकरची तारीख घ्या म्हणेन. तसं काही निघालं नाही, तर घाईचं कारण उरत नाही. ज्या तपासणीवर पुढचं सगळं अवलंबून आहे तीच राहून गेलीय, आणि ऑपरेशनची तारीख मात्र ठरलीय. मला राग आला तो याचा.

बाबा, तुम्ही म्हणालात, "गाठी आहेत, उद्या त्याचा कॅन्सर झाला म्हणजे?" तुमची भीती मला समजते. पण आईच्या गाठी फायब्रॉइड आहेत, गर्भाशयाच्या स्नायूच्या साध्या गाठी. पन्नाशीपर्यंत बहुतेक बायकांना एखादी तरी असते आणि कितीतरी जणींना ते कळतही नाही. त्या स्नायूचा कॅन्सर फार विरळा असतो. पाळी जाते तेव्हा या गाठी बहुधा आपोआप आक्रसतात. आईच्या दोन्ही गाठी तीन सेंटिमीटरच्या आतल्या आहेत आणि पोकळीत घुसलेल्या नाहीत. पाळी साधारणपणे पंचेचाळीस ते पंचावन्न या वयात जाते, आई एकोणपन्नासची आहे. दोन वर्षं लागतील की चार, हे कोणी सांगू शकत नाही. पण मधला हा काळ सुखाने कसा काढायचा, असाही विचार करता येतो.

त्या बाईंनी सगळ्यात आधी सुचवलं ते मिरेना, गर्भाशयात बसवायचं एक छोटं साधन. दिसायला तांबीसारखंच, इंग्रजी टीच्या आकाराचं, पण तांब्याऐवजी त्यातून रोज थोडं हार्मोन गर्भाशयातच सुटतं आणि अस्तर पातळ होत जातं. आई, तुला तांबीचा जुना अनुभव आहे आणि तिने अंगावरून जास्त जायचं, म्हणून तू नाक मुरडशील. तांब्याच्या तांबीने खरंच रक्तस्राव वाढतो. याने उलट होतं, बहुतेकींचा खूप कमी होतो, काहींची पाळी जवळजवळ थांबते. ब्रिटनमधल्या 'नाइस' या संस्थेच्या 2018 च्या मार्गदर्शक सूचनांमध्ये लहान फायब्रॉइड असलेल्या बायकांना आधी हाच उपाय सुचवायला सांगितलंय. पण पहिले तीन ते सहा महिने थोडं थोडं, वेळी-अवेळी अंगावरून जात राहतं. नेमक्या याच काळात वैतागून पुष्कळ जणी ते काढून टाकतात. तुला जमेल का, हे तूच सांगू शकशील.

ट्रॅनेक्झॅमिक अ‍ॅसिडच्या गोळ्याही आहेत, फक्त जास्त जाण्याच्या दिवसांत घ्यायच्या. जपानमधल्या उताको ओकामोतो या डॉक्टर बाईंनी आणि त्यांच्या नवऱ्याने 1962 मध्ये हे औषध पुढे आणलं. बाळंतपणानंतरच्या रक्तस्रावाने बायका मरतात, त्यावर काहीतरी सापडावं ही त्या बाईंची धडपड होती. हे वाचून मला फार बरं वाटलं, म्हणून तुला सांगितलं. पायात किंवा फुप्फुसात कधी रक्ताची गुठळी झाली असेल तर मात्र या गोळ्या चालत नाहीत.

नुसतं अस्तर जाळायची पद्धत आहे, पण काही जणींना काही वर्षांनी पुन्हा उपचार लागतात. मोठ्या गाठींसाठी त्यांचा रक्तपुरवठा बंद करतात किंवा फक्त गाठ काढतात. तुझ्या गाठींना आत्ता त्याची गरज वाटत नाही असं त्या बाई म्हणाल्या.

आता अंडाशयांबद्दल. बाबा, तुम्ही सहज म्हणून गेलात, "ऑपरेशनवाल्या डॉक्टरांनी सांगितलं, सोबत अंडाशयंही काढू, पुढे ताप नको." मला तिथेच मावशी आठवली. बेचाळिसाव्या वर्षी तिची पिशवी काढली आणि अंडाशयं काढल्याचं तिला डिस्चार्जच्या कागदावरून कळलं. रात्री तीनला ती घामाने भिजून पंख्याखाली बसलेली मी पाहिलीय. "सही केली गं मी, पण कशावर केली ते कोणी वाचून दाखवलं नाही," असं ती अजून म्हणते. पाळी जाण्याआधी दोन्ही अंडाशयं काढली की एका दिवसात रजोनिवृत्ती येते, हाडं लवकर ठिसूळ होऊ लागतात. अमेरिकेतल्या 29,380 परिचारिकांचा 24 वर्षं मागोवा घेतलेला एक अभ्यास 2009 मध्ये आला. साध्या कारणासाठी पिशवी काढताना ज्यांची अंडाशयंही काढली, त्यांच्यात अंडाशयाचा आणि स्तनाचा कॅन्सर कमी दिसला, पण हृदयविकार आणि एकूण मृत्यू जास्त दिसले. घराण्यात अंडाशयाचा किंवा स्तनाचा कॅन्सर असेल तर हिशेब बदलतो. आपल्याकडे मला माहीत आहे तसा तो नाही. आजीच्या बहिणींबद्दल मात्र आई, तू एकदा आठवून बघ.

एवढं सगळं ऐकून तू म्हणालीस की मला पिशवी काढूनच टाकायचीय, तर मी तुझ्याबरोबर दवाखान्यात राहीन. पाळीचा त्रास कायमचा मिटवणारा खात्रीचा उपाय तोच आहे, आणि नीट विचार करून तो घेतलेल्या पुष्कळ बायका समाधानी आहेत. पण मग आधी लोह देऊन हिमोग्लोबिन वाढवायचं, गोळ्या सोसल्या नाहीत तर शिरेतून. खालून किंवा दुर्बिणीतून होईल का हे विचारायचं, कारण पोट उघडून केलेल्या ऑपरेशनपेक्षा त्यातून माणूस लवकर उठतं. तरी महिना-दीड महिना तू जड काही उचलायचं नाहीस. मूत्राशयाला किंवा मूत्रनलिकेला इजा, रक्तस्राव, जंतुसंसर्ग हे धोके कमी असले तरी असतात. आणि कागदावर एकेक शब्द वाचून घ्यायचा: पिशवी, तिचं तोंड, नळ्या, अंडाशयं. यातलं काय जाणार, काय राहणार.

बाबा, तारीख रद्द करा असं मी म्हणत नाही. बायोप्सीचा रिपोर्ट येईपर्यंत पुढे ढकलायला सांगा. तुमचं अक्षर चांगलं आहे, एक वही घाला. पाळी कधी आली, किती पॅड लागले, रक्ताच्या गाठी पडल्या का, हे आई रोज सांगेल आणि तुम्ही लिहा. डॉक्टरांना त्याचा फार उपयोग होतो. त्यांनी आईला प्रश्न विचारला की मात्र तुम्ही उत्तर द्यायचं नाही. ती वेळ घेते बोलायला. घेऊ द्या.

मी शनिवारी सकाळी पोचते, सोमवारची रजा टाकलीय. तेव्हाच तिघं जाऊन बायोप्सी करून घेऊ. आई, तोवर लोहाची गोळी चुकवू नकोस. शौच काळी होते, त्याला घाबरू नकोस.

तुमची,
धाकटी